घाटात आधी वाट एसटीला द्या

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

मागच्या आठवड्यात आपल्या अंकात चिखलदऱ्याच्या घाटाचा फोटो होता. पाऊस, धुके आणि या वळणापासून त्या वळणापर्यंत लागलेली मोटारींची रांग. पर्यटकांची तुफान गर्दी झाली, असा खाली मजकूर. फोटोच्या डाव्या कोपऱ्यात एका एसटीचा टप दिसतो. त्या गाडीविषयी बातमीत एक ओळ नाही. मी परतवाड्याहून घाटात एसटी नेण्यातच नोकरी काढली, त्यामुळे माझी नजर आधी तिकडेच गेली.

त्या गाडीत कोण असते ते सांगतो. बाजार करून निघालेल्या कोरकू बाया, बँकेतून पैसे काढून आलेला एखादा म्हातारा, दवाखान्यातून सुट्टी झालेली बाळंतीण आणि तिची आई, कॉलेजची पोरे. वर पोहोचल्यावर यातल्या निम्म्या लोकांना पुढच्या खेड्याची गाडी धरायची असते, नाहीतर पायी निघायचे असते. घाटात दोन तास गेले तर पर्यटकाचा रविवार खराब होतो. यांची पुढची गाडी निघून जाते आणि रात्र स्टँडच्या बाकड्यावर.

माझी लेक आणि जावई स्वित्झर्लंडमध्ये झुरिकला राहतात. यंदा त्यांनी आम्हा नवराबायकोला बोलावून घेतले. जावई म्हणाले, "मामाजी, जन्मभर तुम्ही लोकांना घाट दाखवला, आता एक दिवस मागच्या सीटवर बसून बघा." त्यांनी ल्युसर्नहून सकाळी निघून संध्याकाळी परत आणणारी एक लहान सहल ठरवली. ग्रिमसेल, फुर्का आणि सुस्टेन असे आल्प्सचे तीन घाट एकाच फेरीत. तिकीट किती पडले हे जावयांनी शेवटपर्यंत सांगितले नाही, आणि मीही दुसऱ्यांदा विचारले नाही.

गाडी आपल्या टेम्पो ट्रॅव्हलरपेक्षा लहान. तिकडे मोटारीच्या वर्गाच्या लायसन्सवर चालक सोडून आठच माणसे नेता येतात, म्हणून अशा सहलींच्या गाड्या बहुधा तेवढ्याच असतात. चालक आणि गाईड एकच बाई, वय तिशीच्या आतबाहेर, ग्रिमसेलच्या पायथ्याच्या हास्लीताल खोऱ्यातली. मला तिची पहिली गोष्ट आवडली ती ही, की वळणांचा टप्पा लागला की ती तोंड बंद ठेवायची. गाडी थांबली किंवा सरळ रस्ता आला की मग माहिती. मागून कोणी प्रश्न विचारला तरी हात वर करून 'नंतर' अशी खूण करायची. माझ्याही मागे 'चालकाशी बोलू नये' अशी पाटी असायची आणि तिच्याखाली उभे राहूनच लोक माझ्याशी बोलायचे.

ग्रिमसेलचा माथा २१६४ मीटर, म्हणजे चिखलदऱ्याच्या आपल्या सर्वांत उंच वैराट पॉइंटच्या जवळजवळ दुप्पट. माथ्याच्या खाली मोठे धरण आहे. त्याचे पाणी निळे नाही, दुधट हिरवट. वरची हिमनदी सरकताना खालचा दगड दळते आणि त्याचे पीठ पाण्यात येते, असे त्या बाईने सांगितले. रस्त्याच्या कडेला भर उन्हाळ्यात बर्फाचे काळपट ढीग पडलेले होते. हे तिन्ही घाट साधारण जून ते ऑक्टोबर एवढेच उघडे असतात, बाकी वर्षभर बर्फाखाली. एवढ्या चार-पाच महिन्यांत सगळ्या युरोपच्या मोटारी आणि मोटारसायकली तिथे चढतात. म्हणजे गर्दी त्यांच्याकडेही आहे, हे मुद्दाम लिहितो, नाहीतर लोक म्हणतील त्यांच्याकडे माणसेच कुठे आहेत.

पुढे ग्लेच नावाच्या जागेवरून फुर्का घाट चढायला लागतो. त्याचा माथा २४२९ मीटर. मध्यावर एका वळणाच्या पोटात बेल्वेदेर नावाचे बंद पडलेले जुने हॉटेल उभे आहे, आणि तिथून ऱ्होन हिमनदीचे टोक दिसते. याच बर्फातून ऱ्होन नदी निघते आणि जिनिव्हाच्या तळ्यातून पुढे फ्रान्समार्गे भूमध्य समुद्राला मिळते. त्या बर्फाच्या कडेवर भली मोठी पांढरी कापडे अंथरलेली होती, कुठे फाटलेली, कुठे मळलेली, कडांना दगड ठेवलेले. आपल्याकडे पाऊस यायच्या आत कापसाच्या गंजीवर ताडपत्री ओढतात अगदी तसे. सौ. म्हणाल्या, "अवं माय, बरफाले पांघरून?" लेकीने ते बाईला इंग्रजीत सांगितले तेव्हा ती हसली, पण लगेच गंभीर झाली. कापडाने ऊन परत फिरते आणि खालचा बर्फ हळू वितळतो. त्या बर्फात दरवर्षी लोकांना दाखवायला एक गुहा कोरतात, ती टिकावी म्हणून हा सगळा खटाटोप. हिमनदी त्याने वाचणार नाही. तिने पिशवीतून एक जुने चित्र काढले. एकोणिसाव्या शतकात हाच बर्फ खाली पार ग्लेचच्या सपाटीपर्यंत आलेला होता. आता तिथे नुसते दगडगोटे आणि नदी. २०२२ आणि २०२३ या दोन वर्षांतच स्वित्झर्लंडच्या हिमनद्यांचा दहा टक्के बर्फ गेला, हेही तिनेच सांगितले. आपल्या खोऱ्यातले वाईटही परक्या माणसाला न लपवता दाखवणारी गाईड मला फार आवडली.

पण मी ज्यासाठी हे पत्र लिहितो आहे तो प्रकार त्याच्या थोडा वर घडला. वळणापलीकडून भोंगा ऐकू आला, तीन सुरांचा. आमच्या बाईने तो ऐकताक्षणी गाडी कडेला रुंद जागा बघून लावली, इंजिन चालू ठेवले आणि थांबली. समोरून पिवळी बस आली. ती पोस्टाची बस, म्हणजे तिथली खेड्यापाड्यांची एसटीच समजा. आमच्या पुढे परक्या देशाची पाटी असलेली एक भारी मोटार होती. तिचा मालक थांबायचे सोडून पुढे दामटायला गेला आणि बसच्या नाकासमोर अडकला. आपल्याकडे इथून पुढे काय होते ते सांगायला नको. दोन्ही बाजूंनी हॉर्न, मग काचा खाली, मग आयाबहिणी. तिथे बसचा चालक खाली उतरला नाही. त्याने खिडकीतून हात काढून दोन बोटांनी मागे घ्या अशी खूण केली. मोटारवाला मुकाट्याने रिव्हर्समध्ये गेला, चांगला पन्नास पावले. बस निघाली, जाताना चालकाने आमच्या बाईला हात केला, संपले.

मी लेकीला सांगून त्या बाईला विचारले की हा माणूस त्याचे ऐकतो कसा? ती म्हणाली, कायदाच आहे. डोंगरातल्या डाकरस्त्यांवर निळ्या पाटीवर पिवळे शिंग काढलेले असते. ती पाटी दिसली की समजायचे, इथे वाट देण्याघेण्याच्या बाबतीत लाइनच्या बसचा चालक सांगेल तसे वागायचे. थांब म्हटले की थांब, मागे घे म्हटले की मागे घे. संपादक साहेब, मी त्या पाटीचा फोटो काढून घेतला आहे. हिमनदीचेही काढले, पण आमच्या जुन्या चालकांच्या ग्रुपवर टाकला तो पाटीचा.

बाकीचा दिवस थोडक्यात. आंदरमाटजवळच्या घळीत सैतानाचा पूल म्हणून एक पूल आहे. सैतानाने तो बांधून दिला आणि मोबदल्यात पहिल्यांदा ओलांडेल त्याचा आत्मा मागितला. गावकऱ्यांनी बोकड पुढे हाकलले. चिडलेल्या सैतानाने पूल फोडायला आणलेला म्हणे तो प्रचंड दगड अजून आहे, आणि १९७७ मध्ये महामार्गाच्या कामात तो फोडायचे सोडून लाखो फ्रँक खर्चून शंभरेक मीटर बाजूला सरकवला. गोष्टीपायी दगड जपणारे लोक! आपल्या भीमकुंडाची गोष्ट याहून कुठे कमी आहे? कीचकाला मारून दरीत टाकले आणि भीमाने तिथे हात धुतले. पण कुंडाच्या काठावर ती सांगायला कोणी उभे नसते. लोक येतात, सेल्फी काढतात, कुरकुऱ्याचे पाकीट टाकतात आणि जातात. आणि सौ. यांच्या वतीने एक ओळ: सहलीच्या प्रत्येक थांब्यावर बायकांसाठी स्वच्छ सोय होती. त्यांच्या मते सगळ्या आल्प्समध्ये बघण्यासारखे हेच.

शेवटचा सुस्टेन घाट उतरताना मी मुद्दाम बाईच्या पायाकडे लक्ष ठेवले. ज्या गिअरमध्ये घाट चढायचा त्याच गिअरमध्ये उतरायचा, हे आम्हाला ट्रेनिंगमध्ये पहिल्या दिवशी सांगतात. बाई सेकंडवर होती, इंजिनाने गाडी धरून ठेवलेली, ब्रेक फक्त वळणाच्या तोंडाशी. खाली आल्यावर ब्रेकच्या लाइनरचा जळका वास नाही. आपल्या घाटात रविवारी सायंकाळी काच खाली करून बघा. मोटारवाले न्यूट्रल टाकून ब्रेकवर उतरतात, आणि तो जळका वास धुक्यात तसाच लटकून राहतो.

आता कोणी म्हणेल की काका परदेशात जाऊन आले आणि लागले शिकवायला. मी काचेचा पूल मागत नाही, बोगदा मागत नाही, दोरीवरचा पाळणा मागत नाही. माझे मागणे दोनच आहे आणि दोन्ही स्वस्तातले आहे.

पहिले, घाटाच्या दोन्ही तोंडांना, धामणगाव गढीच्या वाटेवर आणि घटांगच्या वाटेवर, मोठी पाटी लावा: या घाटात एसटी आणि रुग्णवाहिका यांना आधी वाट. चालक सांगेल तसे थांबा. घाटात दोन गाड्या मावत नसतील तर चढणाऱ्या गाडीला आधी जाऊ द्यायचे, हा नियम आपल्याकडेही आहे आणि लायसन्स काढताना सगळ्यांनी तो वाचलेला असतो. घाटात आल्यावर तो नागपूर-अमरावतीचा असो की अकोल्याचा, कोणालाच आठवत नाही. लाल गाडीला कट मारणे ही तर मर्दुमकी झाली आहे. एसटी मोठी, तिला मागे घेणे अवघड, मागे दरी, पोटात पन्नास माणसे. मोटारीने दहा पावले मागे घ्यायची म्हटले तर त्यांचा अपमान होतो.

दुसरे, पावसाळ्यातल्या शनिवार-रविवारी मोटारी परतवाड्यातच ठेवायला लावा आणि वर आठ-दहा माणसांच्या गाड्यांतून गाईडसह सहली न्या. गाड्या चिखलदऱ्याच्या जीपवाल्यांच्याच घ्या, त्यांच्या पोटावर पाय नको. गाईड मोथा, सलोना, सेमाडोहकडची पोरेपोरी. हे काही आकाशातून आणायचे नाही. मेळघाटच्या जंगलात सफारीला गाईडशिवाय जिप्सी सुटत नाही, हे सगळे निमूट पाळतात. मग गाविलगडावर गाईड का नको? १८०३ च्या डिसेंबरात इंग्रजांनी हा किल्ला घेतला तेव्हा तोफा कुठून चढवल्या, शार्दूल दरवाजावर कोरलेला दोन तोंडांचा पक्षी कोणता, हे तिथल्या पोराने सांगितले तर दिवस कमी पडेल. नंतर मोथ्याला गवळ्याच्या घरचा खवा, चिखलदऱ्याच्या मळ्यातली कॉफी, भीमकुंड, आणि धुके उतरायच्या आत गाडी खाली. पैसा गावात राहील. माणसे मोजून वर जातील तर दरीही दिसेल, आता पुढच्या मोटारीची मागची काच दिसते.

पाटी लावून कोण ऐकतो, असे विचारणारे भेटतील. पहिल्या वर्षी नाहीच ऐकणार. म्हणून वळणावर माणूस उभा लागेल, आणि त्याला घाट कळलेला असावा लागेल. दुपारी चालू झालेल्या पावसात कोणत्या वळणावर माती येते, कुठे मागे घ्यायला रुंदी आहे, कुठे समोरचा हॉर्न ऐकू येत नाही, हे नव्या पोलीस पोराला एका दिवसात येणार नाही. आमचे निवृत्त चालक परतवाड्यात स्टँडसमोरच्या टपरीवर रोज सकाळी बसलेले असतात, गुडघे सोडले तर सगळे धडधाकट. त्यांना शनिवार-रविवार वळणावर उभे करा. एक शिट्टी, एक लाल-हिरवी झेंडी आणि एक रेनकोट द्या. मानधनाचे नंतर बघू, पण चहा वेळेवर वर पोहोचला पाहिजे, आणि तो एसटीनेच पाठवा म्हणजे गाडी वेळेवर चालते की नाही तेही कळेल.

आपला,
एक निवृत्त एसटी चालक
ता. अचलपूर, जि. अमरावती