नाव ठेवण्याआधी

चि. सौ. मुग्धास अनेक उत्तम आशीर्वाद.

तू पाठवलेली नावांची यादी नीट वाचली. नावांपुढचे अर्थ जिथून उतरवून घेतलेस, तिथे कुणी कोश उघडून पाहिलेला दिसत नाही. 'रेयांश'पुढे 'प्रकाशकिरणाचा अंश' लिहिलं आहे, पण संस्कृतात किरण या अर्थी 'रेय' असा शब्दच नाही. तिथे इंग्रजीतला 'रे' शिरलेला दिसतो. 'अनय' हे राधेच्या नवऱ्याचं नाव म्हणून आपल्याला ऐकून माहीत आहे, पण कोशात त्याचा अर्थ 'नय नसलेला', म्हणजे दुर्वर्तन, असा मिळेल. 'अन्विता' चांगलं नाव आहे. मात्र त्याचा अर्थ 'युक्त', आणि कशाने युक्त ते आधी यावं लागतं, जसं गुणान्विता. नुसतं ठेवलंत तरी चालेल, फक्त हे माहीत असू दे. 'विहान' म्हणजे पहाट, हे बरोबर आहे.

अर्थ बघायची रीत अवघड नाही. आधी नावाचे तुकडे पाडायचे. पुढे उपसर्ग आहे का, मधे धातू कोणता, मागे प्रत्यय कोणता, ते बघायचं. मग आपट्यांचा संस्कृत कोश काढायचा. शब्द मराठी वळणाचा असेल तर मोल्सवर्थचा मराठी-इंग्रजी कोश, त्याची 1857ची दुसरी आवृत्ती. दोन्ही आता फोनवर फुकट बघता येतात. तुझंच नाव घे. धातू 'मुह्', म्हणजे मोहात पडणं, गोंधळणं. त्याचं भूतकाळवाचक रूप दोन तऱ्हांनी होतं, एक 'मुग्ध' आणि दुसरं 'मूढ'. एकाच धातूतून निघालेल्या या दोन शब्दांतला एक मुलीला लाडाने ठेवतात आणि दुसरा शिवी म्हणून वापरतात. म्हणून नुसता धातू कळून भागत नाही, शब्द वापरात कुठे पोचला तेही बघावं लागतं.

प्रत्येक नावाला संस्कृतच हवं असा हट्ट धरू नका. 'सई' हे 'सखी'चं प्राकृतातून आलेलं रूप, 'जुई' हे 'यूथिके'चं. शेकडो वर्षं बोलण्यात घासून गुळगुळीत झालेली ही नावं मला तुझ्या यादीतल्या निम्म्या नावांपेक्षा जास्त आवडतात.

जन्माक्षराचं सासूबाई विचारतील. एका नक्षत्राचे चार चरण, प्रत्येक चरणाचं एक अक्षर, आणि चंद्र एका चरणात साधारण सहा तास असतो. जन्मवेळी तो ज्या चरणात असेल त्याचं अक्षर ते जन्माक्षर. जन्मवेळ सीमेजवळची असेल तर दहा-पंधरा मिनिटांच्या चुकीनेही अक्षर बदलतं, तेव्हा वेळ दवाखान्याच्या नोंदीवरून घ्या. आर्द्रेच्या एका चरणाला 'ङ' येतो, हस्ताच्या एकाला 'ण'. त्या अक्षरांवरून नाव कुठून आणणार? राशीनाव पत्रिकेत राहू दे, हाक मारायला वेगळं ठेवा. अनेक घरांत असंच करतात.

आता आडनावाचं. बाळाला 'पेणकर-चिटणीस' असं दोन्ही लावायचं का, हे तुम्ही दोघांनी ठरवा. पण दोन्हींचा अर्थ नीट समजून घ्या.

'कर' लागलेलं आडनाव गाव सांगतं आणि बहुधा गाव सोडल्यावरच चिकटतं. पेणात सगळेच पेणचे, तिथे एकाच घराला पेणकर कोण म्हणेल? शिवाय ते जात सांगत नाही, धर्मही सांगत नाही. कोकणातल्या बेने इस्रायली ज्यूंमध्येही पेणकर आहेत, किहीमचे किहीमकर आहेत. तेव्हा आडनाव जुळलं म्हणून नातं जुळलं असं धरू नका.

'चिटणीस' हा हुद्दा. चिठ्ठी आणि फारसी 'नवीस', म्हणजे लिहिणारा. फडणीस, पारसनीस यांतला 'नीस' तोच. हुद्द्याच्या आडनावाखाली जुनं आडनाव दडलेलं असतं. शिवाजी महाराजांचे चिटणीस बाळाजी आवजी हे मूळचे चित्रे, नाना फडणीस मूळचे भानू, पेशवे मूळचे भट. धंद्यानेही असंच होई. जोतीराव फुल्यांचं घराणं मूळचं कटगुणचं गोऱ्हे, फुलांच्या व्यवसायावरून फुले झालं.

मागचं शोधायचं असेल तर नाशिक-त्र्यंबकेश्वरच्या तीर्थोपाध्यायांच्या नामावळ्यांपासून, म्हणजे यात्रेला आलेल्या घराण्यांची नावं नोंदलेल्या त्यांच्या वह्यांपासून, सुरुवात करा. त्यांना आडनावाबरोबर मूळ गाव सांगावं लागतं, कारण कुठले यजमान कोणत्या उपाध्यायांचे ही वाटणी गाव-घराण्यांवर चालते. जुनी पानं मोडीत असतात, तेव्हा मोडी वाचणारं माणूस बरोबर न्या. आणि जुन्या कागदांत आडनाव शोधत बसू नका. तिथे बऱ्याचदा 'गोविंद बिन रामजी' एवढंच असतं. 'बिन' म्हणजे अमक्याचा मुलगा. म्हणून आधी घरातल्या वडीलधाऱ्यांकडून चार पिढ्यांची नावं क्रमाने लिहून घ्या. नाहीतर नोंद समोर असून ओळखू येणार नाही.

बाळंतपण इकडेच होणार, म्हणून नोंदणीचंही सांगते. जन्म 21 दिवसांत नोंदवायचा असतो. दवाखान्यात झाला तर खबर तेच देतात. नावाची जागा तेव्हा रिकामी ठेवता येते. घाईत काहीतरी लिहून देऊ नका. 12 महिन्यांपर्यंत नाव फुकट भरता येतं, पुढे 15 वर्षांपर्यंत विलंब शुल्क देऊन. एकदा नाव भरलं की मनात आलं म्हणून दाखल्यात बदलून मिळत नाही, तेव्हा बारसं होऊ द्या, महिनाभर त्या नावाने हाक मारून बघा आणि मग द्या. महाराष्ट्रात 1 मे 2024पासून जन्मलेल्या मुलांसाठी शासकीय कागदपत्रांतला क्रम असा आहे: बाळाचं नाव, आईचं नाव, वडिलांचं नाव, आडनाव. तुझं नाव त्यात येणार. मला याचा फार आनंद आहे.

अर्ज देवनागरीत स्वतः लिही, सांगून लिहवून घेऊ नकोस. रवि आणि इंद्र मिळून 'रवींद्र' होतो, 'वी' दीर्घ. तरी दाखल्यांवर सर्रास 'रविंद्र' छापलेलं दिसतं. 'सुनीता'त 'नी' धातू आहे म्हणून तोही दीर्घ. इंग्रजी स्पेलिंगही आधीच ठरवा. तुझ्या यादीतलं 'आर्या' ठेवलंत तर त्या लिपीत ते 'आर्य'सारखंच दिसेल. शेवटी 'ए' एकदा की दोनदा, ते ठरवून आधार, पासपोर्ट, शाळा सगळीकडे तसंच लिहा. दाखला हातात आला की खिडकीवरून हलायच्या आधी अक्षरन् अक्षर वाच.

यादीतली तीन नावं निवडून दोन्ही लिप्यांत स्वतःच्या हाताने लिही आणि फोटो पाठव. कोश काढून ठेवला आहे.

तुझी,
आई