महाल पुठ्ठ्याचे नव्हते

मा. संपादक,
स. न. वि. वि.

कला दिग्दर्शक नितीन चंद्रकांत देसाई यांच्या कारकिर्दीवरचा कालच्या पुरवणीतला लेख वाचला. 'भव्यदिव्य' हा शब्द त्यात सहा वेळा आहे आणि 'पुठ्ठ्याचे महाल उभारणारा जादूगार' एकदा. जादूगाराला हरकत नाही. पुठ्ठ्याला आहे.

सेटवरचा नक्षीदार खांब असा होतो: आधी मातीत नमुना घडवायचा, त्यावरून साचा घ्यायचा, साच्याला आतून साबणाचा किंवा तेलाचा हात द्यायचा आणि मग प्लास्टर ऑफ पॅरिस. प्लास्टर पाण्यात सोडायचं. प्लास्टरवर पाणी ओतलं की गुठळ्या झाल्याच. काही मिनिटांतच माल धरायला लागतो, म्हणून एका वेळी एका साच्यापुरताच कालवायचा. पहिला पातळ हात नक्षी उतरण्यासाठी, त्यामागे प्लास्टरमध्ये भिजवलेला काथ्या दाबून बसवायचा. तोच त्याचा कणा. काथ्यात कंजुषी केली की पॅनल टेम्पोतच तडकतं. साच्यातून निघालेला माल हाताला कडक लागतो, पण आत ओल असते. घाईनं रंग मारला की पापुद्रे सुटतात, आणि पावसाळ्यात कर्जतसारख्या दमट हवेत ही ओल हटता हटत नाही. उघड्यावर तर प्लास्टर पावसात मऊ पडतं. जे वर्षानुवर्षं उभं राहायचं त्याला सिमेंट नाहीतर फायबर लागतं. यात पुठ्ठा कुठे बसतो ते लेखकमहाशयांनी कळवावं.

आता मुख्य तक्रार. कला दिग्दर्शनाची राष्ट्रीय पारितोषिकं सांगताना लेखात 'हम दिल दे चुके सनम', 'लगान' आणि 'देवदास' आले. पारितोषिकं चार आहेत. गाळलेलं पहिलं आहे: जब्बार पटेलांचा 'डॉ. बाबासाहेब आंबेडकर'. त्यात झुंबरं नाहीत म्हणूनच ते भव्यदिव्याच्या यादीत बसलं नसावं! वास्तविक अशा चित्रपटात कला दिग्दर्शकाला लपायला जागा नसते. काल्पनिक हवेलीत खांब दोन फूट जाड झाला तर कोण विचारतो? चाळीतली खोली मात्र प्रेक्षकाच्या घरातल्या म्हाताऱ्यांनी पाहिलेली असते. भिंतीला चुना आणि नीळच हवी. प्लास्टिक पेंट दिव्याखाली चकाकतो आणि जुन्या काळाचा भास मोडतो. वायर लाकडी पट्टीतून, बटण काळं आणि गोल. बिजागरीला चौफुलीचा स्क्रू दिसला, टेबलाच्या कडेला प्लायचे थर दिसले, की १९२० साल गेलं. पुन्हा सगळं नवंकोरं दिसूनही चालत नाही. दाराच्या कडीभोवती हाताचा मळ, कंदिलावरच्या भिंतीला काजळी, उंबरठा मधोमध झिजलेला, हे रंगाऱ्याकडून करून घ्यावं लागतं. ते उत्तम झालं तर कुणाच्या नजरेत भरत नाही. आपल्या लेखकाच्याही भरलं नाही.

निर्मात्या देसाईंना लेखात दीड ओळ आहे. 'तमस' मालिकेवर कला दिग्दर्शक नितीश रॉय यांच्या हाताखाली सुरुवात केलेला माणूस २००५ मध्ये कर्जतला स्वतःचा स्टुडिओ उभारतो, तिथून 'राजा शिवछत्रपती' मालिका काढतो, २०११ मध्ये 'बालगंधर्व'ची निर्मिती करतो, पुढच्या वर्षी 'अजिंठा' दिग्दर्शित करतो. एकाच चित्रपटासाठी बांधलेला दरबार चित्रीकरण संपलं की मोडीत जातो. उभा ठेवला तर पडदे, आसनं आणि रंग बदलून पुढचा दरबार निघतो. कला दिग्दर्शक निर्माता का होतो, याचं निम्मं उत्तर या हिशेबात आहे. 'बालगंधर्व'सारख्या विषयात तर नाटकाचा रंगवलेला पडदाच कॅमेऱ्यासमोर आणावा लागतो. त्यावरच्या राजवाड्याचा खोलपणा प्रेक्षागृहाच्या मधल्या खुर्चीवरून खरा वाटतो. कॅमेरा चार फूट बाजूला सरकला की तोच राजवाडा नुसतं कापड होतो. यावर दोन परिच्छेद सहज लिहिता आले असते, सहापैकी तीन 'भव्यदिव्य' काढून.

आपला,
एक जुना वर्गणीदार, गिरगाव

ता. क. लेखातल्या फोटोखाली 'आग्र्याचा किल्ला' असं छापलं आहे. तो 'जोधा अकबर'साठी कर्जतला बांधलेला सेट आहे. देसाईंना ही दाद आवडली असती, तरी दुरुस्ती छापाच. आणि आपल्या दुरुस्त्यांचा टाइप अलीकडे भिंगाशिवाय वाचता येत नाही, तेवढं पाहावं.