वकील मॅडम, तुम्ही आईचं म्हणणं कोर्टापुढे मांडलंत

आदरणीय वकील मॅडम,

सप्रेम नमस्कार.

हे पत्र मुद्दाम सगळ्यांसमोर लिहितेय. कोर्टाची पायरी चढावी लागलेल्या बायकांना ते वाचायला मिळावं, अशी इच्छा आहे.

तुम्ही आईचं काम हाती घेतलंत तेव्हा त्याची पार वाट लागलेली होती. वडील गेल्यावर काकांनी दावा लावला. वडिलांनी वाटणीपत्र करून आपला हिस्सा त्यांना सोडलाय, म्हणून आईला शेतात यायला मनाई करावी, असं त्यांचं म्हणणं. आधीच्या वकिलांनी फी घेतली, पण ते तारखांना उभेच राहिले नाहीत. कैफियतीची, म्हणजे दाव्याला द्यायच्या लेखी उत्तराची, ९० दिवसांची मुदत उलटली आणि कैफियतीशिवाय दावा पुढे चालवायचा हुकूम झाला. कागद परत मागितले तर ‘आधी उरलेले पैसे द्या’ हे उत्तर.

तालुका विधी सेवा समितीत अर्ज केला आणि समितीने तुम्हाला नेमलं. १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम १२ प्रमाणे बाईला मोफत वकील मिळतो, तिचं उत्पन्न कितीही असो, हे तुम्ही आईला सांगितलंत. फी राहिली म्हणून वकिलाला पक्षकाराचे कागद अडवता येत नाहीत, असा सर्वोच्च न्यायालयाचा २००० सालचा आर. डी. सक्सेना प्रकरणातला निकाल आहे, हेही सांगितलंत. तरी त्या भांडणात तुम्ही वेळ घालवला नाहीत. नकलेचा अर्ज देऊन कोर्टातूनच कागद काढलेत, परवानगी घेऊन वकीलपत्र दाखल केलंत आणि तो हुकूम रद्द करण्याचा अर्ज दिलात. कोर्टाने खर्च भरायला लावून तो मंजूर केला.

पण मला सगळ्यात मोठं वाटलं ते कैफियत लिहितानाचं तुमचं वागणं. मामा मध्ये बोलू लागले की तुम्ही म्हणायचात, ‘मामा, थांबा. दावा ताईंवर आहे, त्यांना सांगू द्या.’ सातबारा, फेरफार तुम्ही तिला ओळ न् ओळ वाचून दाखवलात. वाटणीपत्रावरची सही खोटी आहे असं ठोकून द्या, असा सल्ला घरातल्या दोघा-तिघांनी दिला. तुम्ही तो कागद आईपुढे ठेवलात. ती म्हणाली, ‘सही त्यांचीच आहे.’ ‘मग ती नाकारायची नाही,’ तुम्ही म्हणालात, ‘पक्षकारासाठी मी जिवाचं रान करीन, पण कोर्टापुढे जाणूनबुजून खोटं मांडणार नाही.’ आणि मग खरा मुद्दा काढलात : १०० रुपयांवरच्या जमिनीतला हक्क सोडणारा कागद नोंदणीकृत लागतो, हा तसा नाही. खरं बोलूनही आईची बाजू उभी राहते, हे त्या दिवशी आम्हाला दिसलं. वकिलाने पक्षकाराशी आणि कोर्टाशी एकाच वेळी प्रामाणिक राहायचं असतं, ते तुम्ही करून दाखवलंत.

दाव्याचा निकाल अजून लागायचाय. काय लागेल ते लागो, आईचं म्हणणं तिच्याच शब्दांत रेकॉर्डवर आलंय. उलटतपासणीत तिला दोन तास प्रश्न विचारले गेले. जे आठवत नव्हतं त्याला तिने सरळ ‘आठवत नाही’ म्हटलं, कारण तसं म्हणायला लाजायचं नाही हे तुम्ही आधीच समजावलं होतं.

शेतातली ज्वारी तुम्ही परत पाठवलीत. समितीच्या कामात पक्षकाराकडून काही घेता येत नाही, हे आईला आता पटलंय. म्हणून हे आभार तेवढे घ्या. मागच्या आठवड्यात ती शेजारच्या वहिनींना घेऊन समितीच्या कार्यालयात गेली आणि अर्ज कसा भरायचा ते तिनेच त्यांना सांगितलं.

आपली ऋणी,
तुमच्या पक्षकाराची मुलगी