'करपा' कोणत्या पिकावरचा?

मा. संपादक,
स. न. वि. वि.

फलटण तालुक्यातल्या एका सार्वजनिक वाचनालयात मी ३१ वर्षे ग्रंथपाल होते. निवृत्त झाले तरी संध्याकाळी दोन तास अजून तिथे बसते. "आता सगळं मोबाइलवर मिळतं, टेबलावर माणूस कशाला?" असा विषय कार्यकारिणीच्या बैठकीत निघाला, म्हणून हे पत्र.

मागच्या महिन्यात आठवीतली एक मुलगी वहीचा चिटोरा घेऊन आली. त्यावर दोनच शब्द : 'काळ शिक्षा'. बाई वर्गात बोलल्या ते तिने घाईत टिपून घेतले होते. घरी तेच मोबाइलवर शोधले, तर व्याकरणातले तीन काळ आले. इंग्रजी अक्षरांत टाइप केले, तर 'काळ'चा 'कल' झाला. आणि हिंदीत शिक्षा म्हणजे शिक्षण, त्यामुळे शाळा-कॉलेजांचीच पाने पुढे आली. पोरगी रडवेली झाली होती. मी एवढेच विचारले, "कोणत्या तासाला सांगितलं गं?" "इतिहासाच्या." म्हणजे शिवरामपंत परांजपे यांनी १८९८ मध्ये सुरू केलेले 'काळ' हे पत्र आणि त्यातल्या लेखांबद्दल १९०८ साली त्यांना झालेली १९ महिन्यांची कैद. त्याच वर्षी लोकमान्यांना सहा वर्षांची शिक्षा झाली, हे सांगितल्यावर तिला धड्यातला संदर्भ आपोआप लागला. आपल्या जुन्या पत्रांची नावे अशी रोजच्या बोलण्यातली आहेत : दर्पण, केसरी, सुधारक, दीनबंधु. नुसता शब्द टाकला, तर पत्र हवे की आरसा, हे कोणी ओळखायचे?

मुलीचा फार तर गृहपाठ चुकला असता. शेजारच्या शेतकऱ्याचे तसे नव्हते. त्याने मोबाइलवर 'करपा औषध' असे शोधले आणि जी फवारणी पहिल्यांदा दिसली ती चिठ्ठीवर उतरवून दुकानाकडे निघाला. वाटेत वाचनालयाशी थांबला. "काकू, हे नाव नीट वाचून द्या." मी वाचले, ती माहिती टोमॅटोवरच्या उशिरा येणाऱ्या करप्याची होती. त्याच्या रानात कांदा. पातीवर लांबट, खोलगट, मध्ये जांभळट झाक असलेले डाग, म्हणजे बहुधा जांभळा करपा.

'करपा' हा आपल्याकडे एका रोगाचा शब्द नाही. पात किंवा पान भाजल्यासारखे दिसले की करपा. भातावरचा करपा वेगळा, त्यात पानावर डोळ्याच्या आकाराचे, आत राखाडी असे ठिपके पडतात. केळीवरचा सिगाटोका करपा वेगळा. टोमॅटोवर तर लवकर येणारा आणि उशिरा येणारा असे दोन, आणि त्या दोन्हींना कारण होणारे जीवही निराळे. एकाला चालणारे औषध दुसऱ्याला चालेलच असे नाही. त्याला मी पाने तोडून कृषी सहायकाकडे पाठवले. तिथे पहिला प्रश्न, "पीक कोणतं?" दुसरा, "लागण कधीची?" शोधणाऱ्याच्या मनात पीक इतके पक्के असते की ते लिहायचे त्याला सुचत नाही. कांद्यातच उभा असलेला माणूस 'कांदा' कशाला लिहील? त्याची चूक मी मानत नाही. तो टेबलाशी येऊन बोलला असता तरी दोनच शब्द बोलला असता. मात्र समोर माणूस असता, तर त्याने उलटून विचारले असते.

ग्रंथालयशास्त्रज्ञ डॉ. रंगनाथन यांनी १९३१ मध्ये ग्रंथालयांसाठी मांडलेल्या पंचसूत्रीत 'वाचकाचा वेळ वाचवा' हे चौथे सूत्र आहे. उलट प्रश्न विचारल्याने वेळ जातो असे कार्यकारिणीतल्या काहींना वाटते. माझा अनुभव उलटा आहे. त्या मुलीची अख्खी संध्याकाळ गेली होती, माझा प्रश्न अर्ध्या मिनिटाचा होता.

वाचनालयांच्या याद्या संगणकावर चढत आहेत, त्याचा मला आनंदच आहे. फक्त 'काळ' शोधल्यावर एकच उत्तर पुढे ढकलू नये. वृत्तपत्र, व्याकरण, कादंबरी असे वेगवेगळे दाखवून वाचकाला निवडू द्यावे. आणि आपल्याला एक विनंती. आपल्या कृषी पुरवणीतले लेख लोक पुढे मोबाइलवर मथळ्यावरूनच शोधतात. 'करप्याचे नियंत्रण' एवढाच मथळा न देता 'कांद्यावरील जांभळा करपा' असा पिकासह द्यावा.

आपली नम्र,
एक निवृत्त ग्रंथपाल, फलटण (जि. सातारा)