पापिच यांचे लघुपटही दाखवावेत

महोदय,

क्रोएशियाचे दिग्दर्शक क्रस्तो पापिच (१९३३–२०१३) यांचे नाव आपल्याकडे निघालेच, तर ते संशोधक टेस्ला यांच्यावरील 'निकोला टेस्लाचे रहस्य' (१९८०) या चित्रपटापुरते, आणि तेही त्यात अमेरिकी बँकर जे. पी. मॉर्गनची भूमिका प्रसिद्ध अमेरिकी अभिनेते-दिग्दर्शक ऑर्सन वेल्स यांनी केली म्हणून. वास्तविक पापिच यांचे खरे सामर्थ्य त्यांच्या माहितीपटांत आहे. १९७२ च्या 'खास गाड्या' या लघुपटात पश्चिम जर्मनीत मजुरीसाठी निघालेल्या युगोस्लाव्ह (क्रोएशिया तेव्हा युगोस्लाव्हियाचा भाग होता) कामगारांची आधी वैद्यकीय तपासणी होते. पुढे म्युनिकला उतरल्यावर त्यांना स्थानकाखालच्या तळघरात नेले जाते आणि तेथे नावाऐवजी क्रमांकाने पुकारले जाते. यावर वेगळ्या भाष्याची गरजच उरत नाही. युगोस्लाव्हियाचे नेते टिटो आणि सोव्हिएत नेते स्टालिन यांच्यातील फुटीनंतरची, १९४८ मधील दहशत खेड्यातल्या एका लग्नघरात आणून उभी करणारा 'बेड्या' (१९६९) हा कथापटही याच नजरेतून घडला असावा, असे मला वाटते. 'हॅम्लेट'चा प्रयोग बसवणाऱ्या खेडुतांवरचा १९७३ चा चित्रपट तर आपल्या हौशी नाट्यकर्मींनी आवर्जून पाहावा असा आहे. फिल्म सोसायट्यांनी टेस्लावरील चित्रपट जरूर दाखवावा. मात्र त्याआधी 'खास गाड्या' दाखवावा, ही विनंती.

– एक चित्रपटरसिक, सांगली