कार्डाचा फोटो पाठव

लालबाग, मुंबई

चि. संदेश यास अनेक आशीर्वाद.

तुला डेंग्यू झाला, चार दिवस सलाईनवर होतास, हे मला नीताकडून कळावं? तेही मासळी बाजारात. "काकी, आता प्लेटलेट्स कशा आहेत त्याच्या?" म्हणाली आणि माझ्या हातातली पिशवी सुटली. फोनवर बोलले ते रागाने नाही रे, घाबरून बोलले. तू फोन ठेवलास, म्हणून लिहितेय.

ताप अंगात असताना वाईला शूटिंग का केलंस, तेही तिने सांगितलं. अर्धा सीन आदल्या दिवशी झालेला. तोच शर्ट, तीच दाढी, कंटिन्युइटी. गेला नसतास तर हिरोची तारीख फुकट गेली असती आणि पुढच्या वेळी दुसऱ्याला बोलावलं असतं. कळतं मला. हिरो आजारी पडला तर शूटिंग थांबतं, हवालदार पडला तर हवालदार बदलतात.

पण बाळा, मेडिक्लेम काढला आहेस का? बिल मित्रांनी मिळून भरलं म्हणे. तुझे पैसे 90 दिवसांनी येणार, तोवर त्यांचे कसे फेडणार? जाऊ दे, आज हा विषय काढायचा नाही असं ठरवून बसले होते.

लग्न झालं त्या वर्षी, 1980 साली, बाबांनी मला मिनर्व्हाला 'शोले' दाखवला. 1975 पासून तिथे सुरूच होता. बाहेर पडताना पोरं गब्बरची नक्कल करत होती आणि तुझे बाबा घरी येईपर्यंत फक्त त्यातल्या आंधळ्या रहीमचाचांबद्दल बोलत होते. दुसऱ्या रात्री काठी घेऊन गॅलरीत चालायला लागले. डोळे उघडे, पण नजर कशावरच नाही. भोसलेकाकूंची भरलेली बादली लवंडली, तरी थांबले नाहीत. दामोदर हॉलला कामगारांच्या नाटकांत त्यांना कायम हवालदार, नाहीतर सावकाराचा मुनीम. मी एकदा विचारलं, वाईट नाही वाटत? तर म्हणाले, "मी नीट उभा राहिलो नाही, तर समोरचा साहेब वाटेल कसा?"

मग जानेवारी 1982चा संप. गिरणी गेली तसं ई.एस.आय.चं, कामगार विम्याचं कार्डही गेलं. मी डबे करायला लागले, ते मिळेल ते काम. छातीत दुखायचं तेव्हा म्हणायचे, गॅस आहे. परवा तू म्हणालास, थकवा आहे. अगदी तोच आवाज.

रहीमचाचा झालेले ए. के. हंगल पन्नाशी उलटल्यावर सिनेमात आले. 200हून जास्त सिनेमे केले. आणि 2011 साली पेपरात बातमी, उपचारांना पैसे नाहीत. नव्वदी पार केलेला माणूस. सिनेमावाल्यांनी मदत केली, हेही वाचलं. ते कात्रण मी तांदळाच्या डब्याखाली ठेवलं. तू नुकतीच नोकरी सोडली होतीस, तुला कुठल्या तोंडाने दाखवणार? तेव्हाच सांगत होते, अशोक सराफांनी स्टेट बँकेतली नोकरी सांभाळून नाटकं केली, दहाएक वर्षं, तुलाही जमलं असतं. पण तुला घाई, तुला आरामनगरच्या ऑडिशन्सच्या रांगा प्यारे...

चुकलं. हे लिहायचं नव्हतं. 14 वर्षं झाली त्याला.

तुला एक सांगितलेलं नाही. भारतमाताला तुझा सिनेमा मी दोनदा पाहिला, दुसऱ्यांदा एकटीने. तुला एकही वाक्य नाही. ती बाई नवऱ्याला ओळखायला येते, तू चादर बाजूला करतोस. पण त्याआधी टोपी काढून काखेत धरतोस. कोणी सांगितलं होतं तुला? बाबा दामोदरला अस्सेच करायचे, तू तर तेव्हा जन्मलाही नव्हतास. शेजारच्या बाईला म्हटलं, हा माझा मुलगा. ती म्हणाली, कोणता? मी म्हटलं, तो हवालदार.

पोस्टातली आरडी मोडली आहे. पॉलिसीचे पैसे त्यातून भर, नाही म्हणू नकोस. एजंट सांगत होता, पहिले 30 दिवस अपघात सोडून काही मिळत नाही, काही आजारांना तर वर्षं थांबावं लागतं. म्हणून उशीर नको. सिंटाचं, तुमच्या कलाकारांच्या संघटनेचं कार्ड आहे ना तुझं, तिथेही विचार कलाकारांसाठी काही सोय आहे का. पॉलिसी झाली की कार्डाचा फोटो पाठव. मी ते पुन्हा पुन्हा विचारणार नाही. विचारेन बहुतेक.

शनिवारी ये. पेज करते, सोबत भाजलेला बोंबील. बाबांची काठी माळ्यावरून काढून पुसून ठेवली आहे. जिना चढवला नाही तर खालूनच हाक मार, मी घेऊन येते.

तुझी,
आई