यूट्यूबवर सगळं असतं, मग पगार कशाचा?

ती. आई-बाबांना सा. न.,

बाबा, परवा फोनवर तुम्ही म्हणालात की जुने व्हिडिओ तर सगळे यूट्यूबवर असतात, मग डॉक्युमेंट्रींसाठी जुनं फुटेज शोधून त्याचे हक्क मिळवायचा तुला पगार कशाचा देतात, तेव्हा मीटिंगला उशीर होत होता म्हणून हसून सोडून दिलं. आणि तुमचं अगदीच चूक नाहीये, ब्रिटिश पाथे या जुन्या बातमीपटांच्या कंपनीनेच २०१४ मध्ये आपल्या जवळजवळ ८५ हजार फिल्म यूट्यूबवर टाकल्या, त्यामुळे क्लिप सापडणं हा आता त्यातल्या त्यात सोपा भाग. पण दिसली की वापरली असं नसतं ना, आधी मालक कोण ते शोधा, मग किती सेकंद हवेत, कुठल्या देशांत दाखवणार, टीव्ही की थिएटर की ओटीटी, किती वर्षं, या सगळ्यावर रेट ठरतो, आणि मागे कुठे गाणं वाजत असलं तर त्याचे हक्क आणखी वेगळेच. तोवर एडिटरला वॉटरमार्कवाली कॉपी द्यायची आणि डायरेक्टर हमखास त्याच शॉटच्या प्रेमात पडतो ज्याचा मालक सापडत नसतो!

अमेरिकन सरकारने स्वतः शूट केलेल्या गोष्टींवर तिथे कॉपीराइट नसतो. म्हणून महायुद्धाच्या डॉक्युमेंट्रीत तेच तेच शॉट दिसतात, काही तर मला पाठ झालेत.

मला खरी मजा येते ती तपासण्यात. कॅप्शनवर विश्वास ठेवायचाच नाही, गाडीचं मॉडेल बघ, दुकानांच्या पाट्या वाच, युनिफॉर्मवरचे बिल्ले बघ, झाडांना पानं आहेत का बघ, कारण कॅप्शनमध्ये जानेवारी लिहिलेलं असतं आणि लोक अर्ध्या बाह्यांत फिरत असतात. पहिल्या महायुद्धातल्या, १९१६ च्या सोमच्या लढाईची फिल्म आहे, त्यात सैनिक खंदकातून वर चढतात आणि एकजण मागे घसरतो, तो प्रसिद्ध शॉट लढाईतला नाहीच, मागे ट्रेनिंगच्या जागी मुद्दाम करून घेतलेला. तरी लोक अजून खरा म्हणून बिनधास्त वापरतात. मला ते अजिबात पटत नाही, निदान पडद्यावर तसं लिहा तरी.

आणि कधी कधी फुटेज उरलेलंच नसतं. १९५० च्या आसपासपर्यंत नायट्रेटची फिल्म वापरायचे, ती इतकी पेटते की पाण्यातही विझत नाही, कितीतरी माल असाच जळून गेला, बाकीचा डब्यात पडून सडला.

सध्या प्रोड्यूसरशी लायसन्सवरून वाद चाललाय, त्याला थोड्याच वर्षांचं स्वस्तातलं हवंय. मी त्याला ‘आइज ऑन द प्राइज’चं उदाहरण दिलं, एवढी गाजलेली, अमेरिकेतल्या कृष्णवर्णीयांच्या हक्कांच्या चळवळीवरची सिरीज, पण फुटेज आणि गाण्यांची लायसन्सं संपली आणि नव्वदच्या दशकापासून २००६ पर्यंत टीव्हीवर दाखवताच आली नाही. तो म्हणतो बघू. म्हणजे नाहीच, पण मी सोमवारी परत मेल टाकणारे.

बाकी मी मजेत. आई, डोळ्यांचा नंबर वाढलाय, ओरडू नकोस.

तुमची,
छकुली